नव्या फोनच्या पोटातील जुना फोन

बटणांच्या मोबाईलवरचा एखादा वीस वर्षांपूर्वीचा खेळ आजच्या स्मार्टफोनवर सुरू केला, तर एक गमतीचे दृश्य दिसते. पडद्याच्या वरच्या भागात एक लहानसा चौकोन उमटतो आणि त्यात खेळ चालू होतो. खालच्या भागात शून्य ते नऊ हे अंक, स्टार, हॅश आणि चार दिशांची बटणे चितारलेली असतात. म्हणजे नव्या फोनच्या पडद्यावर जुना फोनच काढून दाखवलेला असतो. तो जुना फोन तर केव्हाच भंगारात गेला. मग हा खेळ नेमका कशावर चालतो आहे?

हा प्रश्न वर्गात विचारला तर बहुतेक विद्यार्थी एकच उत्तर देतात. नवा फोन जुन्यापेक्षा कितीतरी पटींनी वेगवान, त्याची स्मृती कितीतरी पटींनी मोठी. त्यामुळे जुन्याचे सगळे काम त्याला सहज जमणारच. हे उत्तर पटण्यासारखे असले तरी चुकीचे आहे. एक उदाहरण घेऊ. घरातल्या जुन्या पेटीत पणजोबांच्या काळचा मोडीतला एखादा दस्त सापडला, तर तो वाचायला आपली नजर किती तीक्ष्ण आहे याचा काही उपयोग होतो का? भिंग घ्या, चांगला दिवा घ्या, ज्याला मोडी येत नाही त्याला ते अक्षर लागणार नाही. तिथे मोडी जाणणारा माणूसच हवा. प्रोसेसरचेही तसेच आहे. प्रत्येक जातीच्या प्रोसेसरला आपल्या ठरावीक आज्ञा तेवढ्या कळतात. दुसऱ्या जातीच्या आज्ञांची फाईल त्याच्यापुढे ठेवली, तर त्याच्या लेखी ते नुसते आकड्यांचे भेंडोळे. वेग वाढवून त्याचा अर्थ लागत नाही.

मोडीचा दस्त वाचून घेण्याच्या दोन रीती आहेत. जाणकाराला समोर बसवून त्याच्याकडून एकेक ओळ मोठ्याने वाचून घ्यायची, ही एक. दुसरी म्हणजे त्याच्याकडून सगळा दस्त एकदाच बाळबोधीत उतरवून घ्यायचा आणि मग आपला आपण वाचायचा. जुने खेळ नव्या फोनवर चालवणाऱ्या आज्ञावल्याही याच दोन रीतींनी काम करतात. अशा आज्ञावलीला एम्युलेटर म्हणतात. एका यंत्राने दुसऱ्या यंत्राची भूमिका वठवणे, हे तिचे काम.

यंत्र म्हणजे काय?

आता थोडे मागे जाऊ. ब्रिटिश गणिती ॲलन ट्यूरिंग यांनी १९३६ साली एका कल्पित यंत्राचा विचार मांडला. कागदाची लांबच लांब पट्टी, तिच्यावरचे एकेक चिन्ह वाचणारे टोक, आणि 'हे चिन्ह दिसले तर हे कर' अशा नियमांची एक यादी, एवढेच ते यंत्र. त्यांनी दाखवलेली महत्त्वाची गोष्ट अशी, की दुसऱ्या कोणत्याही यंत्राची नियमांची यादीच पट्टीवर लिहून दिली, तर तिच्याप्रमाणे वागू शकेल असे एक सर्वसमावेशक यंत्र बनवता येते. गणन करणाऱ्या यंत्राचे सार त्याच्या धातूत किंवा प्लॅस्टिकमध्ये नसून त्याच्या नियमांत असते, हा या विचाराचा अर्थ. नियम पूर्ण माहीत असतील, तर यंत्र पुन्हा उभे करता येते.

ही कल्पना बाजारात यायलाही फार वेळ लागला नाही. आयबीएम कंपनीने १९६४ साली सिस्टिम/३६० ही नव्या संगणकांची मालिका जाहीर केली, तेव्हा तिच्यापुढे एक व्यावहारिक अडचण होती. गिऱ्हाइकांच्या कचेऱ्यांत जुन्या १४०१ संगणकासाठी लिहिलेल्या पगारपत्रकांच्या आणि हिशेबांच्या आज्ञावल्या होत्या. त्या टाकून द्यायला कोण तयार होणार? म्हणून नव्या मालिकेतील यंत्रांना जुन्या यंत्राचे सोंग घेण्याची सोय करून दिली गेली. तेव्हा एम्युलेटर हा प्रकार खेळगड्यांनी काढलेला नाही; तो हिशेबनिसांच्या गरजेतून आला.

इथे एक शंका नेहमी निघते. नक्कल ती नक्कलच, मग तिला खरे कसे मानायचे? संगणकावर महापुराचे प्रतिरूप तयार केले, तर खोलीतली फरशी ओली होत नाही, हे खरे. पण संगणकाने एखाद्या जुन्या गणकयंत्राची नक्कल करून ७ आणि ५ यांची बेरीज केली, तर येणारे १२ हे उत्तर काही खोटे नसते. बेरजेची नक्कल ही बेरीजच असते. खेळ हाही शेवटी बेरजा, वजाबाक्या आणि तुलना यांचाच बनलेला असल्यामुळे एम्युलेटरमधला खेळ हा मूळ खेळच असतो. त्यातला एकही आकडा बदललेला नसतो.

न बनवलेले यंत्र

मोबाईलवरील खेळांच्या बाबतीत तर गोष्ट आणखी मजेदार आहे. त्यांतले बहुसंख्य खेळ कधी कोणी धातूत घडवलेच नाही अशा यंत्रासाठी लिहिलेले होते.

२००० सालानंतरच्या काही वर्षांत बाजारात नोकिया, सोनी एरिक्सन, मोटोरोला, सॅमसंग, सीमेन्स अशा अनेक कंपन्यांचे फोन होते. प्रत्येकाचा प्रोसेसर, पडदा, आतली व्यवस्था वेगळी. खेळ लिहिणाऱ्याने शंभर फोनांसाठी शंभर वेळा खेळ लिहावा, हे शक्य नव्हते. यावर सन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीकडे एक तोडगा होता. १९९५ साली तिने जावा ही भाषा आणली होती. जावात लिहिलेली आज्ञावली कोणत्याही खऱ्या प्रोसेसरच्या भाषेत उतरवली जात नाही. ती एका कागदावरच्या, आभासी यंत्राच्या भाषेत उतरवली जाते. मग ज्या ज्या खऱ्या यंत्रावर ती चालवायची, त्या त्या यंत्रावर या आभासी यंत्राचे सोंग घेणारी एक लहान आज्ञावली बसवायची. मोबाईलसाठी याची छोटी आवृत्ती १९९९ साली जाहीर झाली. तिला जेटूएमई म्हणत. फोनवरच्या आभासी यंत्राचे नाव होते केव्हीएम. त्यातला 'के' हा किलोबाइटचा. मेगाबाइटच्या गोष्टी करायची ऐपतच तेव्हाच्या फोनांत नव्हती.

म्हणजे पाहा, २००३ साली जावाचा खेळ खऱ्याखुऱ्या बटणांच्या फोनवर चालत होता, तेव्हाही तो एम्युलेशनसारख्याच रीतीने चालत होता! आज आपण त्या खेळाला दुसऱ्या घरात हलवतो, एवढाच फरक.

हे आभासी यंत्र काम कसे करते, ते वर्गात सहज करून दाखवता येते. त्यासाठी चिठ्ठ्या आणि दोन रिकाम्या डब्या पुरेत. एका डबीवर 'गुण' आणि दुसरीवर 'पातळी' असे लिहा. गुणांच्या डबीत ४० आणि पातळीच्या डबीत ३ लिहिलेली चिठ्ठी ठेवा. खेळाचा नियम असा, की फळ खाल्ले की दहा गुणिले पातळी एवढे गुण वाढतात. जावाचे यंत्र हे गणित चळतीच्या साहाय्याने करते. पंगतीची ताटे एकावर एक रचावीत तशी ही आकड्यांची चळत. नवा आकडा वरच ठेवायचा आणि उचलायचा तोही वरूनच. एका विद्यार्थ्याला यंत्र करा आणि त्याला पुढील सहा आज्ञा एकेक करून वाचून दाखवा.

पहिली: 'गुण' डबीतला आकडा नव्या चिठ्ठीवर उतरवून चळतीवर ठेव. दुसरी: १० ठेव. तिसरी: 'पातळी'तला आकडा उतरवून ठेव. आता चळतीत खालून वर ४०, १०, ३ आहेत. चौथी: वरच्या दोन चिठ्ठ्या उचल, त्यांचा गुणाकार कर, उत्तर चळतीवर ठेव. चळत झाली ४०, ३०. पाचवी: वरच्या दोन उचल, बेरीज कर, ठेव. आता एकच चिठ्ठी उरली, ७०. सहावी: ती उचलून 'गुण' डबीत टाक, जुनी काढून घे.

खऱ्या खेळाच्या फाईलमध्येही हिशेब असाच लिहिलेला असतो. फक्त शब्दांच्या जागी अंक असतात. जावाच्या आभासी यंत्राच्या भाषेत ९६ म्हणजे 'वरच्या दोन पूर्णांकांची बेरीज कर' आणि १०४ म्हणजे 'गुणाकार कर'. प्रयोगाचा खरा भाग यापुढे आहे. तेच काम तीन विद्यार्थ्यांकडून करून घ्या. एकाने चिठ्ठ्या वापराव्यात, दुसऱ्याने फळ्यावर आकडे लिहावेत आणि पुसावेत, तिसऱ्याने फक्त मनात धरावे. तिघांचा वेग निराळा येईल, साहित्य निराळे असेल, उत्तर मात्र ७०च येईल. आज्ञा देणाऱ्याला समोर चिठ्ठ्या आहेत की फळा आहे, हे कळण्याचे कारणच नाही. खेळालाही आपण नोकियावर आहोत की आजच्या एखाद्या फोनवर, हे कळत नाही.

आता कोणी हुशार विद्यार्थी विचारेल, की अँड्रॉइड फोनांसाठीही जावा भाषा वापरतात, मग जुने खेळ त्यांच्यावर सरळ का चालत नाहीत? प्रश्न रास्त आहे. २००८ साली पहिला अँड्रॉइड फोन बाजारात आला, तेव्हा त्यात गुगलने निराळे आभासी यंत्र बसवले होते. त्याचे नाव डाल्विक. आइसलँडमधल्या एका गावाचे नाव त्याच्या कर्त्याने त्याला दिले. डाल्विकमध्ये अशी चळत नसते, क्रमांक घातलेले कप्पे असतात. आपले वरचे गणित तिथे दोनच आज्ञांत होते: 'पातळीच्या कप्प्यातल्या आकड्याला १०ने गुणून उत्तर रिकाम्या कप्प्यात ठेव' आणि 'ते गुणांच्या कप्प्यात मिळव'. आज्ञा कमी, पण प्रत्येक आज्ञा लांब, कारण कोणता कप्पा हे तिच्यात सांगावे लागते. पुढे डाल्विकची जागा दुसऱ्या व्यवस्थेने घेतली, तरी आज्ञांची ही कप्प्यांची भाषा टिकून आहे. भाषा एक पण लिपी वेगळी, अशी ही अवस्था. मोडीतले मराठी मराठीच असते, पण बाळबोध वाचणाऱ्याला ते वाचता येत नाही, तसेच.

अँड्रॉइडवर जेटूएमई लोडर नावाची मुक्त स्रोत आज्ञावली आहे. ती दस्त बाळबोधीत उतरवून घेण्याची रीत वापरते. खेळाची फाईल पहिल्यांदा दिली, की तिच्यातल्या चळतीच्या आज्ञांचे ती कप्प्यांच्या आज्ञांत रूपांतर करून ठेवते. त्यानंतर खेळ जवळजवळ नव्या फोनच्या स्वतःच्या भाषेत चालतो. यासाठी शक्तिमान फोनही लागत नाही.

या खेळाच्या फाईलच्या नावापुढे जार असे शेपूट असते. ही फाईल प्रत्यक्षात झिप पद्धतीने बांधलेले गाठोडे असते. वरिष्ठ विद्यार्थ्यांनी तिची एक प्रत करून शेपूट झिप असे बदलावे आणि संगणकावर ती उघडावी. आत चित्रांच्या लहान लहान फायली, एक माहितीपत्रक आणि आज्ञांच्या फायली दिसतील. आज्ञांच्या फाईलचे पहिले चार बाइट षोडशमान पद्धतीत पाहिले, तर तिथे सीए, एफई, बीए, बीई असे दिसते. ही अक्षरे सलग वाचली की 'कॅफे बेब' होते. जावाच्या कर्त्यांनी आपल्या फायलींवर मारलेला हा थट्टेचा शिक्का. शिक्का दिसला नाही, तर यंत्र ती फाईल नाकारते.

चौसष्ट किलोबाइटांतला संसार

या खेळांची तारीफ करावीशी वाटते ती त्यांच्या काटकसरीसाठी. नोकियाच्या सुरुवातीच्या अनेक रंगीत फोनांवर जारच्या फाईलचा आकार ६४ किलोबाइटांपेक्षा मोठा चालत नसे. हा आकार किती? आपण वाचत आहात तो लेख युनिकोडमध्ये साठवला, तर देवनागरीतील प्रत्येक खुणेला तीन बाइट याप्रमाणे चाळीस-पन्नास किलोबाइट सहज होतात. म्हणजे चित्रे, आवाज, सगळ्या पातळ्या आणि नियम यांसकट सगळा खेळ, या लेखापेक्षा जरासा मोठा!

अडचण जागेचीच नव्हती. मोबाईल जावाच्या पहिल्या आवृत्तीत दशांश अपूर्णांकच नव्हते. सगळे गणित पूर्णांकांत. मग चेंडू दर पावलाला अडीच पिक्सेल सरकायचा असेल तर? खेळ लिहिणारे सगळ्याच संख्यांना २५६ने गुणून ठेवत. अडीचच्या जागी ६४० लिहायचे, बेरजा-वजाबाक्या त्याच मापात करायच्या, आणि पडद्यावर चेंडू काढायची वेळ आली की २५६ने भागायचे. आपण रुपयांचा हिशेब पैशांत करून अपूर्णांक टाळतो, तोच प्रकार. गाडी वळवायची तर साइन आणि कोसाइन लागत. त्यांची कोष्टके १०२४ने गुणून फाईलमध्ये लिहून ठेवलेली असत. ३० अंशांपुढे ५१२ असा आकडा. लॉगॅरिथमची कोष्टके पाठ्यपुस्तकाच्या शेवटी शोधणाऱ्या पिढीला यात नवल वाटणार नाही. मात्र आजच्या विद्यार्थ्याला 'हे कशासाठी शिकायचे?' या प्रश्नाचे उत्तर अशा एखाद्या खेळात दाखवता येते.

नियमपुस्तकात नसलेल्या गोष्टी

जावाच्या मोबाईल आवृत्तीचे नियम छापून प्रसिद्ध केलेले होते. पहिला संच २००० साली आला, दुसरा २००२ साली. कमीत कमी ९६ गुणिले ५४ पिक्सेलचा पडदा हवा, इथपासून सगळे त्यात आहे. हे पुस्तक उपलब्ध आहे म्हणूनच नवा एम्युलेटर लिहिता आला. पण एम्युलेटर लिहिणाऱ्यांचा निम्मा वेळ जातो तो पुस्तकात न लिहिलेल्या गोष्टींवर, आणि माझ्या मते या विषयाचा सर्वांत शिकण्याजोगा भाग हाच आहे.

काळाचेच घ्या. समजा, खेळ लिहिणाऱ्याने असे ठरवले, की एक चित्र काढायचे, मग ५० मिलिसेकंद थांबायचे, मग पुढचे चित्र काढायचे. जुन्या फोनला एक चित्र काढायलाच ६० मिलिसेकंद लागत. एकूण ११०, म्हणजे सेकंदाला साधारण नऊ चित्रे. लेखकाने हा वेग पाहूनच शत्रूंची चाल ठरवली. नव्या फोनला चित्र काढायला जेमतेम एक मिलिसेकंद लागतो. एकूण ५१, म्हणजे सेकंदाला जवळजवळ वीस चित्रे. एकही आज्ञा चुकली नाही, आणि तरी खेळ दुपटीने वेगात पळू लागला! नव्या फोनचा वेग इथे मदतीला येत नाही, तो आडवा येतो. म्हणून एम्युलेटरमध्ये सेकंदाला किती चित्रे काढायची याची मर्यादा घालण्याची सोय ठेवावी लागते. जुना फोन मंद होता, हे कोणत्याही नियमपुस्तकात लिहिलेले नसते. पण खेळ त्या मंदपणावर विसंबून होता.

अक्षरांचेही तसेच. नियमांत लहान, मध्यम आणि मोठे असे तीन आकार सांगितले होते, पण लहान म्हणजे किती पिक्सेल उंच हे ज्या त्या कंपनीवर सोडले होते. त्यामुळे एका फोनवर चौकटीत नीट बसणारी सूचना एम्युलेटरमध्ये चौकटीबाहेर सांडते. शिवाय पहिल्या नियमसंचात पूर्ण पडदा वापरण्याची सोय नव्हती. ती नोकियाने आपल्या फोनांत स्वतःची भर घालून दिली. इतर कंपन्यांनी आपापल्या भरी घातल्या. पडद्याखालच्या डाव्या बटणाला नोकियाच्या फोनात उणे सहा हा क्रमांक होता, तर दुसऱ्यांकडे दुसराच. एकदा लिहा आणि कुठेही चालवा, या घोषणेचे प्रत्यक्षात असे तुकडे झाले होते. एकाच खेळाच्या अनेक जार फायली सापडतात, त्याचे कारण हेच. आपला पडदा आणि आपली कंपनी यांच्याशी जुळणारी फाईल शोधावी लागे, आणि आज एम्युलेटरलाही 'तू कोणता फोन आहेस' हे सांगावे लागते.

पडद्याचे गणित विद्यार्थ्यांना घालण्याजोगे आहे. जुना पडदा १२८ गुणिले १२८ पिक्सेलचा, नव्याची रुंदी १०८०. एका जुन्या पिक्सेलच्या जागी किती नवे घ्यायचे? भागाकार ८.४३७५ येतो. पूर्ण रुंदी भरायचा हट्ट धरला, तर काही पिक्सेल आठ आणि काही नऊ रुंदीचे होतात आणि सरळ जाळी वेडीवाकडी दिसते. आठनेच गुणले, तर १०२४ भरतात आणि दोन्ही बाजूंना २८-२८ची रिकामी पट्टी राहते. चित्र मात्र मूळच्यासारखे रेखीव राहते. कोणता पर्याय बरा, यावर वर्गात चांगला वाद होऊ शकेल.

बोटांना लागणारी जाणीव मात्र कोणत्याही भागाकाराने परत येत नाही. जुन्या फोनच्या पाचाच्या बटणावर बारीकसा उंचवटा असे. अंगठा त्याच्यावर ठेवला, की न पाहता दोनाकडे वर, आठाकडे खाली जाता येई. काचेवर चितारलेल्या बटणांना उंचवटा नसतो. खेळणाऱ्याची नजर सारखी खाली जाते. हौशी मंडळी वेगळी बटणे जोडून हे थोडे भरून काढतात.

मग साप कुठे गेला?

जुना मोबाईल म्हटले, की बहुतेकांना आधी आठवतो तो साप. १९९७च्या अखेरीस जाहीर झालेल्या नोकिया ६११० या फोनसाठी फिनलंडच्या तानेली अर्मांतो यांनी तो लिहिला. गंमत अशी, की सर्वांत प्रसिद्ध असा हा खेळ वर सांगितलेल्या रीतीने चालवता येत नाही. तो जावाचा खेळ नव्हता आणि वेगळी फाईलही नव्हता. फोनच्या चिपमध्ये मूळ आज्ञावलीचाच एक भाग म्हणून तो कोरलेला होता. २००० साली आलेल्या ३३१० मधील त्याची दुसरी आवृत्तीही तशीच. या खेळाला जिवंत करायचे, तर सगळा फोनच उभा करावा लागतो: त्याचा प्रोसेसर, ८४ गुणिले ४८ पिक्सेलच्या पडद्याला आकडे पाठवणारी चिप, बटणांची जोडणी, घड्याळे. या गोष्टींची नियमपुस्तके कंपनीच्या कपाटात होती. बाहेरच्यांनी त्या एकेक करून, फोनच्या वागण्यावरून ओळखायच्या.

नोकिया ६११० मधला प्रोसेसर एआरएम या घराण्यातला होता आणि आजचे जवळजवळ सगळे स्मार्टफोनही त्याच घराण्यातले आहेत. म्हणजे इथे तरी भाषा एकच असेल असे वाटते. पण हे घराणे मधल्या काळात ३२ बिटांवरून ६४ बिटांवर आले. अलीकडच्या काही प्रोसेसरांतून ३२ बिटांच्या आज्ञा समजण्याची सोयच काढून टाकली आहे. शिवाय भाषा कळली, तरी 'पडद्यावर बिंदू काढ' ही आज्ञा ज्या चिपला उद्देशून आहे, ती चिप नव्या फोनात नाहीच. हे काम अशक्य नाही, हे सिम्बियन या प्रणालीच्या फोनांबाबत दिसते. ईकेए-टू-एल-वन या एम्युलेटरने २००३ साली आलेल्या नोकियाच्या एन-गेज या खेळाच्या फोनावरचे अनेक खेळ अँड्रॉइडवर चालवून दाखवले आहेत. पण त्यालाही खऱ्या फोनच्या चिपमधील मूळ आज्ञावलीची प्रत लागते.

सापाच्या नावाने आज फोनवर मिळणारे खेळ मग कोणते? ते नव्याने लिहिलेले असतात. २०१७ साली नोकियाच्या नावाने नवा ३३१० आला, त्यातला सापही नव्याने केलेला होता. जुन्या वाड्याची दुरुस्ती आणि त्याच जागी त्याच नावाने बांधलेली इमारत, असा हा भेद आहे. नवी इमारत वाईट असते असे नाही. पण तो वाडा नव्हे.

नियम उघड असले तर जुने काम वाचते आणि गुप्त असले तर हरवते, याचा अनुभव महाराष्ट्रातल्या शिक्षकांना खेळाशिवायही आला असेल. युनिकोडच्या आधी मराठी प्रश्नपत्रिका आणि स्मरणिका पुण्याच्या सी-डॅकची आयएसएम प्रणाली किंवा श्रीलिपी यांतल्या टंकांत होत. कोणत्या क्रमांकाला कोणते अक्षर, हे ज्याचे त्याचे वेगळे होते. ती फाईल आज तो टंक नसलेल्या संगणकावर उघडली, की रोमन अक्षरांचा कचरा दिसतो. मजकूर जसाच्या तसा असतो, हरवलेली असते ती वाचण्याची किल्ली. ज्या टंकांची क्रमांकांची कोष्टके लोकांनी तयार केली, त्यांतला मजकूर युनिकोडमध्ये आणता येतो.

कोणाचा खेळ, कोणाची प्रत

आपल्याकडे हे खेळ मोबाईल सेवा देणाऱ्या कंपन्यांच्या पानांवरून पैसे कापून घेऊन फोनात उतरत. ते लिहिणाऱ्यांत मुंबईची मंडळीही होती. १९९९ साली सुरू झालेली इंडियागेम्स ही त्यांतली ठळक कंपनी. पुढे ती डिस्नेच्या ताब्यात गेली. विकणारी पाने बंद झाली, फोन मोडीत निघाले, आणि खेळ उरला तो एखाद्याच्या जुन्या मेमरी कार्डावर किंवा खणात पडलेल्या फोनात. तिथेही तो कायमचा नाही. अशा स्मृतीत माहिती विजेच्या सूक्ष्म भाराच्या रूपाने साठवलेली असते आणि न वापरता वर्षानुवर्षे पडून राहिल्यास तो भार हळूहळू झिरपतो. बंद फोनची बॅटरी फुगून झाकण उचलले गेल्याचेही अनेकांनी पाहिले असेल.

कायद्याची बाजू शिक्षकांना माहीत असावी. एम्युलेटर बनवणे आणि वापरणे हा गुन्हा नाही. अमेरिकेत सोनी आणि कनेक्टिक्स यांच्यातील खटल्यात २००० साली अपील न्यायालयाने एम्युलेटर बनवणाऱ्याच्या बाजूने निकाल दिला होता. खेळाची प्रत ही निराळी गोष्ट. आपल्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यात संगणकाची आज्ञावली साहित्यकृतीत मोडते, त्यामुळे वीस वर्षांपूर्वीच्या खेळावर आजही हक्क असतोच, विकणारी कंपनी उरली असो वा नसो. कायदेशीरपणे आपल्याकडे असलेल्या प्रतीची नुकसानीपासून बचावासाठी राखीव प्रत काढण्याची मुभा कलम ५२ देते. शाळेत प्रयोग करायचा, तर स्वतःच्या जुन्या फोनातली फाईल घ्यावी किंवा लेखकाने स्वतःहून खुला केलेला खेळ. अनोळखी ठिकाणचे गाठोडे शाळेच्या संगणकावर उघडू नये, हे वेगळे सांगायला नको. ॲपलने आपल्या दुकानात जुन्या खेळांच्या एम्युलेटरांना २०२४च्या एप्रिलमध्ये परवानगी दिली, तेव्हाही खेळांच्या हक्कांची जबाबदारी एम्युलेटर देणाऱ्यावर ठेवलीच.

आजच्या खेळांचे पुढे काय होईल? जुना जावा खेळ सगळाच्या सगळा त्या चौसष्ट किलोबाइटांत होता. आजचे पुष्कळ खेळ अर्धे फोनात आणि अर्धे दूरच्या संगणकावर असतात. फोन विचारतो, दूरचा संगणक उत्तर देतो. फोनचे सोंग घेता येईल, पण त्या उत्तरांचे काय? याची चुणूक एन-गेजवरच मिळाली होती. २००४ साली त्यावर पॉकेट किंगडम नावाचा खेळ आला. त्यात इतर देशांतल्या खेळाडूंशी इंटरनेटवरून लढाई करता येत असे, आणि त्या लढाया जुळवण्याचे काम नोकियाच्या सेवेकडे होते. ती सेवा केव्हाच बंद झाली. आज मूळ एन-गेज आणि मूळ कार्ड, दोन्ही चालू स्थितीत हाती आले, तरी त्या लढायांसाठी पलीकडे उत्तर द्यायला कोणी नाही.